पोर्तुगीज पद्धतीची ओव्हनमधली अंडी: शोरीसु, चीज आणि दाट टोमॅटो

हा पदार्थ बहुतेक वेळा एकाच जागी बिघडतो. टोमॅटोचा रस्सा पातळ आणि कोमट असतानाच त्यावर अंडी फोडली जातात आणि पुढची सगळी भिस्त ओव्हनवर टाकली जाते. दहा मिनिटांनी पाहावं तर बलक घट्ट आणि त्याच्याभोवतीचं पांढरं अजून पारदर्शक, लोंबतं. ओव्हन वाढवला की बलक आणखी कोरडा होतो आणि पांढरं तिथंच राहतं.

कारण साधं आहे. अंड्यातलं पांढरं ६२ अंश सेल्सिअसच्या आसपास गोठू लागतं, पण नीट घट्ट व्हायला त्याला ८० अंशांच्या जवळ जावं लागतं. बलक मात्र ६५ अंशांना दाटू लागतो आणि ७० च्या पुढे घट्ट होतो. म्हणजे पांढऱ्याला जास्त उष्णता हवी आणि बलकाला कमी. अंडं रश्शात सोडलं की पांढरं खाली पसरतं आणि बलक वर राहतो. ओव्हनची उष्णता वरून येते, ती आधी बलकालाच लागते. म्हणून खालून पांढरं शिजवायचं काम रश्शाचं, आणि ओव्हनचं काम फक्त वरचा थर बसवण्याचं. रस्सा दाट हवा आणि अंडी पडताना तो खदखदत असायला हवा. पुढच्या सगळ्या सूचना याच एका गोष्टीसाठी आहेत.

पोर्तुगालमध्ये रोजची न्याहारी अगदी हलकी असते: कॉफी आणि लोणी लावलेला पाव. अंडी, सॉसेज आणि टोमॅटो एकत्र येतात ते दुपारच्या किंवा रात्रीच्या जेवणात. मटार, शोरीसु हे धुरावलेलं सॉसेज आणि त्यावर फोडून शिजवलेली अंडी हा तिथला घरोघरचा प्रकार आहे. ब्रंचसाठी ओव्हनमध्ये करायची ही अंडी त्याच कुळातली. न्याहारी आणि जेवण एकत्र उरकायचं असेल, अकरा-साडेअकराला चार माणसं टेबलाशी बसणार असतील, तर याच्याइतकं पोटभरीचं आणि एका भांड्यात होणारं दुसरं काही पटकन सुचत नाही.

सॉसेज: चव इथून येते

शोरीसु म्हणजे डुकराचं मांस, लाल मिरचीची पूड, लसूण, वाइन आणि मीठ मुरवून, आतड्यात भरून धुरावर धरलेलं सॉसेज. ती मिरची तिखट नसते, रंगाची आणि गोडसर असते. लिंग्विसा हा त्याचाच बारीक भाऊ, तोही चालतो. पदार्थाला जो धुराचा वास येतो तो सॉसेजमधून येतो, त्यासाठी वेगळी धुरावलेली पूड घालायची गरज नाही. ती घातली तर पदार्थ शेजारच्या स्पेनकडे झुकतो.

खरेदी करताना दाबून पाहा. घट्ट पण किंचित लवचिक, कापल्यावर मांसाचे आणि चरबीचे तुकडे वेगळे दिसणारा शोरीसु चांगला. सगळं एकजीव गुलाबी दिसत असेल तर ते दुसऱ्याच जातीचं सॉसेज आहे. त्यातून लाल तेल सुटणार नाही, आणि ते तेल नसेल तर रश्शाला पायाच नाही.

भारतात शोरीसु महाग पडतो आणि सगळीकडे मिळत नाही. त्याचा सख्खा वंशज मात्र गोव्यात आहे: चोरीस. पोर्तुगीज १५१० मध्ये गोव्यात आले आणि १९६१ पर्यंत राहिले. त्या काळात हे सॉसेज इथल्या हवेचं आणि मसाल्याचं झालं. वाइनच्या जागी माडाच्या सुरेचं व्हिनेगर आलं, मिरची तिखट झाली, लसणाच्या जोडीला आलं, मिरी, लवंग, दालचिनी आली. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात मण्यांच्या माळेसारखे टांगलेले दिसतात ते हेच.

चोरीस वापरायचे असतील तर कृती थोडी बदलावी लागते, कारण ते कच्चे असतात. शोरीसुसारखे पाच मिनिटं परतून भागत नाही. आवरणाला सुरीनं चीर द्या, आतलं मांस काढून घ्या, मधले दोरे आठवणीनं टाकून द्या. हे मांस एक वाटी पाण्यात झाकण ठेवून मंद आचेवर २० ते २५ मिनिटं शिजवा. नंतर झाकण काढून पाणी आटवा आणि सुटलेल्या चरबीतच परता. चोरीस वाळलेले, जुने असतील तर आणखी दहा मिनिटं लागतील. त्यांच्यात आंबटपणा आधीच असतो, म्हणून वाइन पूर्ण वगळा. तिखट असतं, म्हणून मिरचीपूडही वगळा. आणि २०० ग्रॅमऐवजी १५० ग्रॅमच घ्या.

डुक्कर खात नसाल तर धुरावलेलं चिकन सॉसेज घ्या. त्यात चरबी कमी असते, त्यामुळे ऑलिव्ह तेल दोन चमचे वाढवा आणि मिरचीपूड दुप्पट करा. उत्तर पोर्तुगालमधलं आल्येइरा नावाचं पाव-कोंबडीचं सॉसेज यासाठी सुचवलं जातं. १४९७ मध्ये सक्तीनं धर्मांतर करायला लावलेल्या ज्यूंनी डुक्कर टाळण्यासाठी ते काढलं, अशी कथा सांगतात. पण आजच्या आल्येइरात बरेचदा डुकराचं मांस असतंच, तेव्हा वेष्टन वाचून घ्या. शिवाय ते रश्शात विरघळून पिठासारखं होतं. वापरायचं तर वेगळं तळून, ताटात बाजूला वाढायचं.

चार जणांसाठी लागणारं साहित्य

शोरीसु २०० ग्रॅम
अंडी ८, फ्रिजमधून तासभर आधी बाहेर काढलेली
पिकलेले लाल टोमॅटो १ किलो, किंवा सोललेल्या टोमॅटोचे ४०० ग्रॅमचे २ डबे
कांदे २ मध्यम, साधारण २०० ग्रॅम
लाल ढोबळी मिरची १ मोठी
लसूण ५ मोठ्या पाकळ्या
ऑलिव्ह तेल २ मोठे चमचे
गोड लाल मिरचीपूड १ छोटा चमचा. नसेल तर काश्मिरी मिरचीपूड अर्धा छोटा चमचा
कोरडी पांढरी वाइन १०० मिली, ऐच्छिक
चीज ८० ते १०० ग्रॅम
लोरु म्हणजे लॉरेलचं पान १
मूठभर कोथिंबीर, काळी मिरी, आणि मीठ सगळ्यात शेवटी चव पाहून

लॉरेलच्या पानाबद्दल थोडं सांगायला हवं. आपलं तमालपत्र दिसायला तसंच, पण झाड वेगळं. त्याला लांबीत तीन शिरा असतात आणि वास दालचिनी-लवंगेकडे जातो. लॉरेलला मधोमध एकच शीर असते आणि वास निलगिरीसारखा थंड. तमालपत्र घातलं की रस्सा पुलावाच्या वाटेला लागतो. लॉरेल मिळालं नाही तर काहीच घालू नका.

कोथिंबीर ही इथली तडजोड नाही. दक्षिण पोर्तुगालमध्ये, विशेषतः आलेंतेजु प्रांतात, ती मुठीनं वापरतात. पार्सली शोधत फिरायचं कारण नाही.

चीज निवडताना मीठ आणि पाणी या दोन गोष्टी पाहायच्या. आसोरिश बेटांवरचं सांव जोर्ज हे गाईच्या कच्च्या दुधाचं, किमान तीन महिने मुरवलेलं, कडक आणि थोडं झणझणीत चीज इथे उत्तम बसतं. पोर्तुगालमधलं रोजचं चीज म्हणजे फ्लामेंगु, डच एडामच्या घराण्यातलं. ते जास्त सौम्य आणि छान वितळणारं. आपल्याकडे मुरलेलं चेडर आणि गौडा अर्धं-अर्धं घेतलं तर दोन्हींच्या मधली चव येते. ताजं मोझरेला घेऊ नका. त्यातून पाणी सुटतं आणि अर्धा तास आटवलेला रस्सा पुन्हा पातळ होतो. प्रक्रिया केलेल्या चीजच्या वड्या वितळतात, पण फार खारट असतात. दुसरं काही नसेल तर ५० ग्रॅमवर थांबा.

भांडं

२८ सेंटीमीटर रुंदीचं, ५ सेंटीमीटर उंचीचं, गॅसवर आणि ओव्हनमध्ये दोन्हीकडे चालणारं भांडं हवं. बिडाचा पॅन किंवा जाड बुडाचा स्टीलचा पॅन सगळ्यात सोयीचा. लाकडी किंवा प्लास्टिकची मूठ नको. चांगला मुरलेला बिडाचा पॅन अर्ध्या-पाऊण तासाचा टोमॅटो सहन करतो. नवा असेल तर रश्शाला लोखंडाची चव लागते. साधं ॲल्युमिनियम टाळा, टोमॅटोच्या आंबटपणानं त्याची चव उतरते.

पोर्तुगालमध्ये हे बऱ्याचदा चकाकी दिलेल्या तांबड्या मातीच्या उथळ भांड्यात येतं. मातीचं भांडं उष्णता धरून ठेवतं आणि टेबलावर दहा मिनिटं खदखदत राहतं, हा त्याचा गुण आणि हाच धोका: बाहेर काढल्यावरही अंडी शिजत राहतात. मातीत करायचं असेल तर रस्सा दुसऱ्या भांड्यात शिजवा, मातीचं भांडं थंड ओव्हनमध्ये ठेवून ओव्हनबरोबरच तापू द्या आणि मग त्यात उकळता रस्सा ओता. थंड भांडं एकदम तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवलं किंवा तापलेलं ओल्या ओट्यावर टेकवलं तर तडा जातो. काचेचं भांडं गॅसवर ठेवायचं नाही, हे वेगळं सांगायला नको.

रस्सा

शोरीसुची वरची साल जाड असेल तर ओढून काढा. पाच मिलिमीटर जाडीच्या चकत्या करा. त्याहून पातळ केल्या तर करपतात, जाड केल्या तर आतली चरबी बाहेर येत नाही. थंड पॅनमध्ये एक चमचा ऑलिव्ह तेल आणि चकत्या ठेवा, मग मंद-मध्यम आच लावा. पॅन थंड असताना सुरुवात केली की चरबी हळूहळू सुटते. तापलेल्या पॅनमध्ये टाकलं तर बाहेरून कडक कवच धरतं आणि तेल आतच अडकतं. पाच-सहा मिनिटांत पॅनमध्ये नारिंगी-लाल तेल जमेल. अर्ध्या चकत्या ताटलीत काढून ठेवा, त्या शेवटी वर जातील आणि कुरकुरीत राहतील. उरलेल्या अर्ध्या रश्शात शिजून त्याला चव देतील. सगळ्याच रश्शात ठेवल्या तर सगळ्या मऊ पडतात. सगळ्याच काढल्या तर रस्सा नुसता टोमॅटोचा राहतो.

पॅनमध्ये तीन मोठ्या चमच्यांपेक्षा जास्त तेल दिसलं तर जास्तीचं काढून ठेवा. त्यात दुसऱ्या दिवशी बटाटे परता.

आता उरलेला एक चमचा ऑलिव्ह तेल, बारीक चिरलेला कांदा आणि लॉरेलचं पान घाला. पोर्तुगीज स्वयंपाकाचा पाया म्हणजे रफुगादु: तेलात मंद आचेवर मऊ केलेला कांदा-लसूण. आपल्या रश्शाच्या मसाल्यासाठी कांदा तांबूस करतात तसा इथे करायचा नाही. १२ ते १५ मिनिटं, आच मंद, कांदा पारदर्शक आणि गोड. कडा तपकिरी व्हायला लागल्या तर दोन चमचे पाणी शिंपडा. मग ढोबळी मिरचीचे लहान तुकडे घाला, पाच मिनिटांनी पातळ चिरलेला लसूण, आणि एक मिनिट परता. लसूण कांद्याबरोबर सुरुवातीलाच टाकला तर तो कडू होतो.

गॅस बंद करा आणि मगच मिरचीपूड घाला. गरम तेलात वीस सेकंद ढवळली की पुरे. पेटत्या आचेवर ही पूड चटकन करपते, रंग विटकरी-काळसर होतो आणि कडवटपणा शेवटपर्यंत जात नाही. पुन्हा गॅस लावून वाइन ओता आणि वाइनचा नाकात चढणारा वास जाईपर्यंत, साधारण तीन मिनिटं, आटवा. वाइन नको असेल तर तितकंच पाणी आणि शेवटी अर्धा लिंबू.

टोमॅटो ताजे असतील तर उकळत्या पाण्यात अर्धं मिनिट बुडवून साल काढा आणि बारीक चिरा. आपल्या बाजारातले जाड सालीचे टोमॅटो असतील तर ही मेहनत करायलाच हवी, नाहीतर सालीचे गुंडाळे दातात येतात. टोमॅटो फार आंबट असतील तर पाव चमचा साखर. झाकण न ठेवता मध्यम आचेवर २५ ते ३० मिनिटं शिजवा, डब्यातले असतील तर २० मिनिटं.

रस्सा तयार झाला का, याची खूण: उलथन्यानं पॅनच्या मधोमध रेघ ओढा. तळ दिसला पाहिजे आणि दोन-तीन सेकंद तसाच राहून मग रस्सा हळूहळू मिटला पाहिजे. लगेच मिटत असेल तर आणखी आटवा. अजिबात मिटत नसेल तर फार आटला, पाव वाटी गरम पाणी घाला. थराची उंची साधारण दोन सेंटीमीटर असावी.

आता चव पाहा आणि मीठ ठरवा. त्याआधी मीठ घालू नका. सॉसेज खारट, चीज खारट, आणि रस्सा आटताना मीठ आणखी दाटत जातं. बऱ्याचदा मीठ लागतच नाही. रस्सा किंचित अळणी वाटला तरी चालेल, वर चीज यायचंय.

अंडी आणि ओव्हन

रस्सा आटत असतानाच ओव्हन १९० अंशांवर तापायला लावा, पंखा चालू असेल तर १७५. लहान ओटीजीत वरची आणि खालची दोन्ही रॉड चालू ठेवा, जाळी मधल्या खाचेत, आणि पूर्ण १५ मिनिटं तापू द्या. नुसती वरची रॉड लावली की सुरुवातीला सांगितलेलाच बिघाड होतो.

अंडी एकेक करून वाटीत फोडा, थेट पॅनमध्ये नाही. एक जरी खराब निघालं किंवा बलक फुटला तरी सगळा रस्सा वाचतो. अंडी आठवडाभर जुनी असतील तर त्यांचं बाहेरचं पांढरं पाण्यासारखं पातळ झालेलं असतं आणि ते रश्शावर पसरून फाटक्या चिंध्यांसारखं शिजतं. उपाय सोपा आहे: अंडं लहान गाळणीत फोडा, पातळ पाणी खाली जाऊ द्या, उरलेलं घट्ट अंडं वापरा.

पॅन गॅसवर ठेवून रस्सा पुन्हा खदखदवा. चमच्याच्या पाठीनं आठ खळगे करा, तळ उघडा पडू देऊ नका. प्रत्येक खळग्यात एक अंडं हळूच सोडा. आता पॅन लगेच ओव्हनमध्ये न्यायचा नाही. मंद आचेवर दीड ते दोन मिनिटं गॅसवरच राहू द्या. खळग्याच्या कडेला पांढरी रेघ दिसली की खालचं पांढरं धरायला लागलं.

किसलेलं चीज अंड्यांच्या मधल्या रश्शावर पसरा, अंड्यांवर नाही. चीज अंड्यावर पडलं तर ते पांघरुणासारखं काम करतं आणि खालचं पांढरं कच्चं राहतं, शिवाय बलक कुठवर आलाय ते दिसत नाही. काढून ठेवलेल्या चकत्या उभ्या-आडव्या खोचा.

ओव्हनमध्ये ७ ते ९ मिनिटं. सहाव्या मिनिटाला उघडून पॅन हलकेच हलवा. पांढरं सगळीकडे अपारदर्शक दिसावं, हलवल्यावर बलकाच्या भोवती किंचित थरथर असावी आणि बलक स्वतः डुलावा. या अवस्थेला बाहेर काढा. अगदी हवं तसं दिसेपर्यंत थांबलात तर टेबलावर पोचेपर्यंत ते पुढे गेलेलं असेल. बिडाच्या पॅनमध्ये पुढची तीन-चार मिनिटं शिजणं चालू राहतं, मातीच्या भांड्यात त्याहून जास्त वेळ.

गर्भवती, लहान मुलं किंवा वयस्क मंडळी जेवणार असतील तर बलक घट्ट होऊ द्या, मधलं तापमान ७१ अंशांच्या पुढे. त्यासाठी १३ ते १५ मिनिटं लागतात, आणि मग चीज शेवटच्या पाच मिनिटांतच घाला. जास्त वेळ तापलं की त्यातलं तूप वेगळं होऊन तवंग येतो आणि चीज रबरासारखं ताणतं.

ओव्हन नसला तरी अडत नाही. अंडी सोडल्यावर घट्ट झाकण ठेवून अगदी मंद आचेवर ६ ते ८ मिनिटं. झाकणाला आतून कापड बांधा, नाहीतर वाफेचं पाणी अंड्यांवर टपकतं आणि बलकावर पांढुरका पडदा धरतो. चीज झाकण काढण्याआधी दोन मिनिटं घालायचं. चकत्यांचा कुरकुरीतपणा यात मिळत नाही, म्हणून त्या वेगळ्या परतून वाढताना वर घाला.

काही बिघडलंच तर

बलक झाला पण मधल्या एक-दोन अंड्यांचं पांढरं कच्चं असेल तर पॅन परत ओव्हनमध्ये ढकलू नका. चमच्यानं बाजूचा गरम रस्सा उचलून त्या पांढऱ्यावर घाला आणि दोन मिनिटं झाकून ठेवा. अंड्यांभोवती पाणी साचलं असेल तर रस्सा कमी आटला होता किंवा चीज ओलं होतं. ते पाणी पावाच्या तुकड्यानं टिपून घ्या, तो तुकडा वाया जात नाही. फार खारट झालं तर सोबत बिनमिठाचे उकडलेले बटाटे द्या.

आदल्या रात्रीची तयारी आणि ताट

रस्सा आदल्या दिवशी केला तर अधिक मुरतो आणि सकाळचं काम वीस मिनिटांवर येतं. फ्रिजमध्ये दोन-तीन दिवस टिकतो. सकाळी नीट उकळी येईपर्यंत गरम करा, घट्ट झाला असेल तर थोडं पाणी. कुरकुरीत करायच्या चकत्या मात्र सकाळीच परता. आठाऐवजी सोळा अंडी हवी असतील तर एक मोठं भांडं भरण्यापेक्षा दोन भांडी, पाच मिनिटांच्या अंतरानं.

वरून कोथिंबीर आणि ताजी कुटलेली मिरी घाला, मीठ नको. पाव चांगला हवा. पोर्तुगालमध्ये मक्याच्या पिठाचा दाट ब्रोआ किंवा कडक कवचाचा लहान पाव असतो. गोव्यात पोई, गव्हाच्या कोंड्याची आणि आतून पोकळ, रस्सा भरून घ्यायला नेमकी. आपला पाव हा शब्दच पोर्तुगीजांकडून आलाय, तेव्हा लादी पावही परका नाही, फक्त तव्यावर कोरडा भाजून घ्या, नाहीतर रश्शात लगेच विरतो. मुंबई-पुण्यातला ब्रून पाव या कामाला लादी पावापेक्षा कितीतरी सरस.

उरलेली अंडी पुन्हा गरम करू नका, रबरी होतात. अंडी संपवा, रस्सा ठेवा. संध्याकाळी त्यात वाफवलेले मटार घालून उकळी आणा, वर ताजी दोन अंडी फोडून झाकण ठेवा. ही झाली पोर्तुगालमधली रात्रीच्या जेवणाची मटार-अंडी.